तेलाचें तूप

पानावर वरणभात वाढला गेला आणि त्यावर तुपाची धार पडली नाहीं, तर आपल्याकडे जेवणाला आरंभ झाला असें कोणी मानीत नाहीं. ज्या घरांत साठसत्तर वर्षांपूर्वींच्या आठवणी सांगणारें एखादें वडील माणूस आहे, त्या घरांत त्या काळच्या फडताळाचें वर्णनहि अजून ऐकावयास मिळतें. वरच्या फळीवर चिनी मातीच्या बरणींत घरीं कढविलेलें साजूक तूप असे. खालच्या फळीवर पिवळ्या रंगाचा, झाडाचें चित्र असलेला पत्र्याचा डबा असे. बरणींतील तूप सासूबाईंच्या हातानें चमचाचमचा निघे. डब्यांतील तूप शंकरपाळ्यांच्या मोहनाला आणि दिवाळीच्या तळणाला सुनांच्या हातानें सढळपणें वापरलें जाई. नैवेद्याच्या वाटींत मात्र डब्याला कधींहि प्रवेश मिळत नसे. तो रिकामा झाला म्हणजे त्यांत डाळ भरावयाची, किंवा बुडाला भोक पाडून तुळशीचें रोप लावावयाचें, हा घरोघरींचा रिवाज होता.

डब्यांतील तो पदार्थ तूप नव्हे, हें सर्वांस ठाऊक होतें. पण तें होतें तरी काय, असें विचारलें असतां 'वनस्पति' एवढें एकच उत्तर मिळे. आणि त्या शब्दावरून तर कांहींच बोध होत नसे. खरें पाहतां तें बहुतांशीं आपलें शेंगदाण्याचें किंवा सरकीचें तेलच होतें. पातळ तेलाचें असें रवाळ, पांढरेंशुभ्र तूप कसें झालें, तें होत असतां त्यांत कोणता दोष शिरला, आणि तो दोष ओळखण्यास माणसाला इतका काळ कां लागला, ही हकीकत प्रत्येक गृहिणीनें व गृहस्थानें समजून घ्यावी अशी आहे. कारण ती नुसती रसायनशास्त्राची हकीकत नाहीं. ती आपल्या ताटांतल्या घांसाची आहे.

तेल आणि तूप हीं दिसावयास निराळीं असलीं तरी त्यांची घडण एकाच प्रकारची आहे. दोहोंमध्यें ग्लिसरीन या द्रव्याला तीन तीन स्निग्धाम्लें जोडलेलीं असतात. स्निग्धाम्ल म्हणजे कर्बाच्या परमाणूंची एक लांब साखळी. पुष्कळशा स्निग्धाम्लांत ही साखळी १८ कर्ब-परमाणूंची असते. कर्बाच्या प्रत्येक परमाणूस चार हात आहेत अशी कल्पना करा. त्यांतील दोन हातांनीं तो आपल्या दोन्ही बाजूंच्या शेजाऱ्यांस धरून ठेवतो, आणि उरलेल्या दोन हातांत हायड्रोजनचा एकएक परमाणु धरतो. हायड्रोजन म्हणजे आपल्या जुन्या पाठ्यपुस्तकांतील उज्जवायु. सर्व हात असे भरलेले असले म्हणजे त्या स्निग्धाम्लास संपृक्त म्हणतात. परंतु कित्येक साखळ्यांत एखाद्या ठिकाणीं शेजारशेजारच्या दोन कर्बांजवळ हायड्रोजनचा एकएक परमाणु कमी असतो. मग रिकामा राहिलेला हात पुढें करून ते दोघे एकमेकांस दोन्ही हातांनीं धरतात. याला दुहेरी बंध म्हणतात, आणि असें स्निग्धाम्ल असंपृक्त होय.

आतां याचा परिणाम पहा. स्टिअरिक अम्ल संपृक्त आहे. त्यांत हायड्रोजनचे ३६ परमाणु असतात. ओलेइक अम्लांत एक दुहेरी बंध असल्यामुळें ते ३४ च असतात. फरक अवघ्या दोन परमाणूंचा. परंतु स्टिअरिक अम्ल सुमारें ६९ अंश सेंटिग्रेडपर्यंत मेणासारखें घट्ट राहतें, तर ओलेइक अम्ल १३-१४ अंशांवरच पातळ होतें. याचें कारण साखळीच्या आकारांत आहे. संपृक्त साखळी सरळ असते; निसर्गांतील दुहेरी बंधाची साखळी त्या बंधाजवळ वांकलेली असते. सरळ लांकडांची मोळी घट्ट बांधतां येते, वांकड्या लांकडांची ढिली राहते. ओलेइक आणि तशाच इतर वांकड्या साखळ्या ज्यांत फार, तें तेल. शेंगदाण्याच्या तेलांत त्या विपुल असतात, म्हणून पुण्याच्या थंडींतहि तें बहुधा ओततां येतें, आणि तुपाच्या बरणींत मात्र चमचा उभा राहतो.

यावरून कोणाच्याहि मनांत येईल, कीं तेलाला कमी पडणारा हायड्रोजन पुरविला, म्हणजे तेलाचें तूप व्हावें. कल्पना बरोबर आहे; परंतु तेलांत हायड्रोजन नुसता सोडला, तर तो बुडबुड्यांच्या रूपानें वर येऊन निघून जातो. त्याचे परमाणु स्वतःच दोघेदोघे जोडीनें राहतात, आणि ती जोडी सहजासहजीं सुटत नाहीं. दोन्ही पक्षांकडील माणसें समोरासमोर बसलीं तरी बोलणें पुढें सरकत नाहीं, आणि मध्यस्थ आला कीं तासाभरांत याद्या होतात, हा आपला नित्याचा अनुभव आहे. रसायनशास्त्रांत अशा मध्यस्थास उत्प्रेरक म्हणतात. क्रिया त्याच्यामुळें घडते, पण तो स्वतः कोणत्याहि कुटुंबांत सामील होत नाहीं. काम होतांच पुढच्या घरीं जावयास मोकळा राहतो.

हा मध्यस्थ फ्रान्सच्या दक्षिण भागांतील तुलूझ या शहरीं सांपडला. तेथील विश्वविद्यालयांत पॉल साबातिये या नांवाचे रसायनशास्त्राचे अध्यापक होते. त्यांनीं झां-बाप्तिस्त सांदरां या धर्मोपदेशक सहकाऱ्याच्या साहाय्यानें १८९७ सालीं एथिलीन वायु आणि हायड्रोजन यांचें मिश्रण निकेल धातूच्या अतिशय बारीक भुकटीवरून नेलें, तों एथिलीनचा दुहेरी बंध सुटून त्यास हायड्रोजन जोडला गेला. पुढें त्यांनीं अनेक द्रव्यांच्या वाफांवर हाच प्रयोग यशस्वी करून दाखविला. साबातिये यांचें म्हणणें असें, कीं निकेल हायड्रोजनला क्षणभर आपल्या अंगावर धरून ठेवतो, त्याची जोडी सैल करतो, आणि भेटीस आलेल्या द्रव्याच्या स्वाधीन करतो. या कार्याबद्दल १९१२ सालीं त्यांना रसायनशास्त्राच्या नोबेल पारितोषिकाचा अर्धा वांटा मिळाला. पॅरिसहून मानाचें बोलावणें आलें असतांहि त्यांनीं तुलूझ सोडलें नाहीं, ही गोष्टहि त्यांच्या चरित्रांत लक्षांत ठेवण्यासारखी आहे.

साबातिये यांचे हे प्रयोग वाफांवरचे होते. पातळ तेलावरहि ही क्रिया करतां येईल, हें जर्मनींतील हेरफोर्ड गांवच्या विल्हेल्म नॉर्मान या तरुण रसायनशास्त्रज्ञानें दाखविलें. १९०१ सालच्या फेब्रुवारींत त्यांनीं ओलेइक अम्लांत निकेलची भुकटी मिसळून ऊन केलें व त्यांत हायड्रोजन सोडला. पातळ अम्ल गोठलें. १९०२ सालीं जर्मनींत व १९०३ सालीं इंग्लंडांत त्यांनीं या कृतीचे हक्क नोंदविले. युरोपांत त्या वेळीं साबण, मेणबत्त्या व लोण्याऐवजीं खावयाचें मार्गारीन यांकरितां घट्ट चरबीची चणचण होती आणि पातळ तेल मात्र मुबलक होतें. त्यामुळें साबणाच्या कारखानदारांनीं ही कृति लागलीच उचलली. अमेरिकेंत १९११ सालीं सरकीच्या तेलापासून केलेला 'क्रिस्को' बाजारांत आला. देवमाशाचें दुर्गंधी तेलहि या कृतीनें निर्गंध व घट्ट होऊं लागलें, आणि तें मार्गारीनमध्यें जाऊं लागल्यामुळें त्या मुक्या प्राण्यांची शिकार फार वाढली. शोध चांगला असला तरी त्याच्या पाठीमागून काय काय येईल, याची कल्पना शोधकाला असतेच असें नाहीं.

हायड्रोजन जोडण्याची ही विद्या तेलापुरतीच राहिली नाहीं. हवेंतील नायट्रोजनला हायड्रोजन जोडून अमोनिया करण्याची कृति फ्रित्स हाबर यांनीं १९०९ सालीं सिद्ध केली, आणि १९१३ सालीं जर्मनींत तिचा मोठा कारखाना सुरू झाला. तेथें मध्यस्थाचें काम लोखंड करतें. आज शेतकरी जो युरिया शेतांत टाकतो त्याचा उगम तोच. दगडी कोळशास हायड्रोजन जोडून त्याचें पातळ इंधन करण्याची युक्ति बेर्गियुस यांनीं काढली, आणि दुसऱ्या महायुद्धांत जर्मनीचीं विमानें पुष्कळ अंशीं त्या इंधनावर उडालीं. घरगुती उदाहरणें पाहिजे असल्यास तींहि आहेत. ओव्याला ज्याचा वास येतो त्या थायमॉलला हायड्रोजन जोडला असतां पुदिन्याचा थंडावा देणारें मेंथॉल तयार होतें. एरंडेलास तो जोडला असतां मेणासारखा कठीण पदार्थ होऊन यंत्रांच्या वंगणाला उपयोगीं पडतो. दांत घासण्याच्या मलमांत ओलावा टिकविणारें सॉर्बिटॉल हेंहि ग्लुकोज साखरेस हायड्रोजन जोडूनच करतात.

आतां आपल्या डब्याकडे वळूं. हिंदुस्थानांत हें घट्ट तेल प्रथम हॉलंडहून येत असे. १९३२ सालीं मुंबईस शिवडी येथें त्याचा कारखाना निघाला आणि १९३७ सालीं 'डालडा' हें नांव बाजारांत आलें. कृति अशी: तेल क्षारानें धुवावयाचें, विशिष्ट मातींतून गाळून त्याचा रंग काढावयाचा, मग बंद पात्रांत निकेलची भुकटी घालून दीडशें ते दोनशें अंशांच्या उष्णतेंत त्यांत दाबाखालीं हायड्रोजन सोडावयाचा. पाहिजे तितका घट्टपणा आला कीं क्रिया थांबवावयाची, निकेल गाळून काढावयाचा, वाफेनें वास घालवावयाचा, आणि डबे भरून सावकाश निवूं द्यावयाचे, म्हणजे साजूक तुपासारखा रवा पडतो. सर्व तेलास पुरेपूर हायड्रोजन दिला, तर तें मेणबत्तीसारखें कठीण होईल आणि जिभेवर विरघळणार नाहीं. म्हणून सुमारें ३७ अंशांवर, म्हणजे शरीराच्या उष्णतेंत, तें वितळावें अशा बेतानें क्रिया मध्येंच थांबविली जाई. वाचकांनीं ही 'मध्येंच थांबविण्याची' गोष्ट ध्यानांत ठेवावी. पुढील सर्व अनर्थ तेथेंच दडलेला आहे.

साजूक तूप ज्यांना परवडत नव्हतें अशा लक्षावधि घरांतील मुलांच्या पानांत या डब्यामुळें सणाला गोडधोड पडलें, हें कबूल केलेंच पाहिजे. परंतु त्याविरुद्ध ओरडहि तितकीच झाली. पहिली तक्रार भेसळीची, आणि ती रास्त होती. कारण दिसावयास सारखें असलेलें हें स्वस्त तूप महाग तुपांत मिसळून विकणें व्यापाऱ्यांना सोपें झालें. त्यावर उपाय मोठा सुबक निघाला. वनस्पति तुपांत शेंकडा ५ तिळाचें तेल घातलेंच पाहिजे असा नियम झाला. कारण तिळाच्या तेलांत असें एक द्रव्य असतें, कीं तीव्र हायड्रोक्लोरिक अम्ल व फरफ्युराल यांच्याबरोबर हालविलें असतां अम्लाचा थर गुलाबी-तांबडा होतो. साजूक तुपांत तसा रंग येत नाहीं. आला, तर त्यांत वनस्पति तूप आहे असें समजावें. अर्थात् हीं द्रव्यें घातक असल्यामुळें ही परीक्षा प्रयोगशाळेंतच करावयाची.

दुसरी तक्रार प्रकृतीची होती. गांधीजींनीं १९४६ सालीं 'हरिजन'मधून वनस्पति तुपाविरुद्ध लिहिलें. उंदरांना तें चारलें असतां तिसऱ्या पिढीचीं पिलें आंधळीं होतात, अशी वार्ता घरोघर पसरली. १९५० च्या सुमारास त्यावर बंदी घालण्याचें विधेयकहि संसदेपुढें आलें, पण तें संमत झालें नाहीं. सरकारच्या सांगण्यावरून शास्त्रज्ञांनीं प्राण्यांवर व माणसांवर प्रयोग करून पाहिले, आणि ३७ अंशांच्या आंत वितळणारें वनस्पति तूप कच्च्या तेलापेक्षां अपायकारक असल्याचें दिसत नाहीं, असा निर्वाळा दिला. तुपांतील 'अ' जीवनसत्त्व त्यांत नसतें म्हणून तें वरून घालण्याची सक्ति झाली, आणि वाद मिटला असें सर्वांस वाटलें. त्या शास्त्रज्ञांनीं जें पाहिलें तें प्रामाणिकपणें सांगितलें यांत शंका नाहीं. वजन वाढतें कीं नाहीं, अन्न पचतें कीं नाहीं, संतति होते कीं नाहीं, हें त्यांनीं तपासलें. परंतु माणसाच्या धमन्यांत वीस-तीस वर्षांनीं काय होतें, हें कांहीं महिन्यांच्या प्रयोगांत कसें दिसावें?

जें दिसलें नाहीं तें हें. निकेलच्या अंगावर हायड्रोजनचे दोन परमाणु साखळीला एकदम जोडले जात नाहींत. आधीं एक जोडला जातो, मागून दुसरा. कधीं कधीं दुसरा येण्यापूर्वींच पहिला निघून जातो, आणि साखळी पुन्हां पूर्वीसारखा दुहेरी बंध घेऊन परतते. परंतु ती पूर्वीसारखी राहिलेली नसते. निसर्गांतील तेलांत दुहेरी बंधाजवळचे दोन हायड्रोजन साखळीच्या एकाच बाजूस असतात, म्हणून ती वांकते. परत फिरलेल्या साखळींत ते बहुधा विरुद्ध बाजूंस गेलेले असतात, म्हणून ती सरळ होते. यालाच 'ट्रान्स' रूप म्हणतात. ओलेइक अम्लाचें हें रूप १३ अंशांवर नव्हे, तर सुमारें ४४ अंशांवर वितळतें, आणि तेंहि हायड्रोजनचा एकहि नवा परमाणु न जोडतां! म्हणजे डब्यांतील घट्टपणाचा मोठा भाग हायड्रोजन जोडल्यामुळें नव्हे, तर साखळ्या अशा उलट्या फिरल्यामुळें येत होता. आपल्याकडील वनस्पति तुपाच्या कांहीं नमुन्यांत एकूण स्निग्धांशाच्या एक तृतीयांशाहून अधिक भाग या ट्रान्स रूपाचा आढळला आहे.

अमेरिकेंतील इलिनॉय विश्वविद्यालयांत फ्रेड कुमरो या शास्त्रज्ञांनीं, मृत माणसांच्या शरीरांत हीं ट्रान्स अम्लें सांठलेलीं असतात, असें १९५७ सालींच आपल्या सहकाऱ्यांबरोबर प्रसिद्ध केलें होतें. त्यांचा हृदयरोगाशीं संबंध असावा असें तेव्हांपासून त्यांचें मत होतें. परंतु त्यांच्याकडे फारसें कोणीं लक्ष दिलें नाहीं. त्या काळीं सर्व दोष लोणी, तूप व अंडीं यांच्याकडे दिला जात होता, आणि डॉक्टर मंडळी उलट मार्गारीन खाण्याचाच सल्ला देत होती. अखेरीस १९९० सालीं मेन्सिंक व काटान या हॉलंडच्या दोन संशोधकांनीं निरोगी माणसांना मोजून मापून आहार दिला आणि त्यांचें रक्त तपासलें. रक्तांत कोलेस्टेरॉल वाहून नेणारे दोन प्रकारचे कण असतात. एक धमन्यांत त्याचा सांठा करूं पाहतात, दुसरे तो सांठा यकृताकडे परत नेतात. संपृक्त स्निग्धांशानें पहिले कण वाढतात. ट्रान्सनें पहिले वाढतातच, शिवाय दुसरे कमीहि होतात, असें त्यांना आढळलें. एका हातानें घरांत कचरा टाकावा आणि दुसऱ्या हातानें केरसुणी लपवावी, तसा हा प्रकार झाला.

त्यानंतर चक्रें फिरलीं. डेन्मार्कनें २००३ सालीं कायदा करून ट्रान्सचें प्रमाण एकूण स्निग्धांशाच्या शेंकडा २ वर आणलें. कुमरो यांनीं २००९ सालीं, वयाच्या ९४ व्या वर्षीं, अमेरिकन सरकारकडे बंदीचा अर्ज केला. उत्तर येईना तेव्हां ९८ व्या वर्षीं फिर्याद लावली. २०१५ सालीं निकाल त्यांच्या बाजूनें लागला तेव्हां त्यांना शंभर वर्षें पुरीं झालीं होतीं. २०१७ सालीं, १०२ वर्षांचें आयुष्य भोगून, ते वारले. भारतांत ही मर्यादा २०२१ सालीं शेंकडा ३ आणि १ जानेवारी २०२२ पासून शेंकडा २ करण्यांत आली. म्हणून आज वनस्पति तूप करणाऱ्यांस निराळी वाट धरावी लागते. पाम तेलाचा मूळचाच घट्ट भाग घ्यावयाचा, किंवा तेलास पुरेपूर हायड्रोजन देऊन तें दुसऱ्या पातळ तेलाशीं मिसळावयाचें व त्यांच्या साखळ्यांची अदलाबदल करावयाची. पुरा हायड्रोजन दिलेल्या तेलांत दुहेरी बंधच उरत नाहीं, म्हणून ट्रान्सहि जवळजवळ राहत नाहीं. दोष हायड्रोजनचा नव्हता आणि निकेलचाहि नव्हता. दोष अर्धवट सोडलेल्या क्रियेचा होता.

या हकीकतीला एक गमतीची पुरवणी आहे. गाय-म्हैस जें गवत खाते त्यांतील स्निग्धांश पुष्कळसा असंपृक्त, तेलासारखाच असतो. तिच्या पहिल्या पोटांत असंख्य सूक्ष्म जंतु असतात. ते या स्निग्धांशास हायड्रोजन जोडतात, आणि म्हणूनहि दुधांतील लोणी घट्ट होतें. म्हणजे सासूबाईंच्या बरणींतील साजूक तूप हेंहि एका अर्थानें हायड्रोजन जोडलेलेंच तूप होय. कारखाना फक्त गाईच्या पोटांत होता! त्यांतहि थोडें ट्रान्स असतें, पण तें शेंकडा दोन-पांच इतकेंच. अर्थात् एवढ्यावरून तूप वाटेल तितकें खावें असा अर्थ कोणीं काढूं नये. संपृक्त स्निग्धांशाचा अतिरेक हाहि अतिरेकच, आणि 'ट्रान्स नाहीं' असें छापलेल्या डब्यांतहि तो भरपूर असूं शकतो.

मग गृहिणीनें काय करावें? सुटी, नांवगांव नसलेलीं बिस्किटें, खारी व नानकटाई घेण्यापूर्वीं तीं कशांत केलीं आहेत याची चौकशी करावी. बंद पुड्यावर 'अंशतः हायड्रोजन जोडलेलें तेल' असा मजकूर असेल तर तो परत ठेवावा. तळणाचें तेल पुन्हां पुन्हां उकळूं नये. आणि साजूक तूप आपल्या वाडवडिलांप्रमाणें चमचानेंच वाढावें. त्यांच्या त्या हात राखण्यांत काटकसर होती, पण आरोग्यहि होतें.

नैवेद्याच्या वाटीपासून डबा दूर ठेवणाऱ्या आजीबाईंना रसायनशास्त्र येत नव्हतें. त्यांचा संशय खरा ठरला, पण त्यांनीं ऐकलेलें कारण खोटें होतें. उंदरांच्या डोळ्यांना कांहीं झालें नव्हतें. शास्त्रज्ञांचें कारण खरें होतें, पण त्यांनीं प्रश्न लहान विचारला, आणि उत्तर पुरें समजून चालले. या दोहोंच्या मधल्या काळांत किती घरांतील कर्तीं माणसें अकालीं हृदयविकारानें गेलीं असतील, याचा हिशेब आतां कोण मांडणार? म्हणून घरांत नवा पदार्थ आला, कीं तो जुन्या माणसांना आवडत नाहीं म्हणून टाकूं नये, आणि तज्ज्ञांनीं एकदां मान डोलावली म्हणून डोळे मिटून घेऊंहि नये. तो कसा झाला, हें विचारावें. आणि उत्तर मिळालें तरी कांहीं वर्षांनीं तेंच पुन्हां एकदां विचारावें.